जयरामकाका सापडत नाहीत

इतक्या वर्षांच्या सरकारी नोकरीत माझ्या हातून एकही कागद हरवलेला नाही. काही कागद सापडले नाहीत, हे खरं आहे. पण ते हरवले होते असं आजवर कोणी सिद्ध करू शकलेलं नाही. आमच्या ऑफिसातल्या रेकॉर्ड रूमचा मी राजा, आणि झुरळं सोडली तर ऐंशी हजार फायली ही माझी प्रजा. साहेबांनी "प्रल्हादराव, ते एकोणऐंशी सालचं गळतीचं प्रकरण काढा" असं म्हणायचा अवकाश, मी पहिला प्रश्न विचारतो, "तेव्हा त्या टेबलावर कोण होतं?" फाईल विषयाप्रमाणे शोधतो तो कच्चा गडी. फाईल ज्याने लावली त्याच्या डोक्याप्रमाणे शोधायची असते. आमच्याकडे एक गृहस्थ होते, ते छताच्या गळतीचे सगळे कागद 'पर्जन्यमान' या गठ्ठ्यात लावत. आता ते स्वर्गवासी झाले, पण त्यांचं डोकं मला अजून पाठ आहे.

हे एवढं विस्ताराने सांगायचं कारण म्हणजे ऐन वेळी मी स्वतःच हे विसरलो. त्यापायी बोळिंजच्या आमच्या सोसायटीत माझी जी शोभा झाली, तिची हकीकत दुसऱ्या कोणी सांगण्याआधी मीच सांगितलेली बरी.

गोष्ट दोन हजार तीन सालची. आगाशीच्या द्वारकाकाकू दर रविवारी सकाळी आमच्याकडे वेलची केळी, अळू आणि नागवेलीची पानं घेऊन येत. त्यांची स्वतःची वाडी आहे. आठ-दहा वर्षांचा हा रतीब, त्यामुळे केळी देऊन झाली की त्या स्वयंपाकघरात बसून माझ्या बायकोबरोबर, म्हणजे सुहासिनीबरोबर, चहा घेत. त्या रविवारी मात्र चहा तसाच राहिला. पिशवीतून त्यांनी काचेची फ्रेम काढली आणि ओट्यावर पालथी ठेवली.

"उलटी का ठेवलीत?" सुहासिनीने विचारलं.

"सुलटी बघवत नाय मना," काकू म्हणाल्या.

आम्ही ती सुलटी केली. आत जयरामकाका होते, काकूंचे यजमान. जाऊन अकरा महिने होत आले होते. काकांना फोटो काढून घ्यायचा भारी कंटाळा. लग्नाच्या फोटोतही त्यांनी ऐन वेळी मान वळवलेली. त्यामुळे त्यांच्या मागे उरला एकच फोटो, मतदार ओळखपत्रावरचा. मुलाने, शंकरने, तोच स्टुडिओत देऊन मोठा करून आणला होता. मतदार ओळखपत्रावर कोणाचाही चेहरा नुकताच पकडल्यासारखा दिसतो. तो दहा पट मोठा केला की शिक्षा लागल्यासारखा दिसतो.

"वरसाच्या दिवशी याला हार घालायचा म्हनतो शंकर," काकू म्हणाल्या. "हा मानूस मी कदी बघितला नाय, भाऊ. आमचे हे असे नव्हते."

मग हळूहळू कळलं की हसरा फोटोही एक आहे. तीन वर्षांपूर्वी मुंबईच्या एका मोठ्या दैनिकाचा वार्ताहर वाडीवर आला होता. राजेळी केळी सोलून मांडवावर उन्हात वाळवायची, मधासारखी झाली की केळीच्या सुकलेल्या सोपटात बांधायची, त्याला सुकेळी म्हणतात. ती करणारी घरं आता बोटावर मोजण्याइतकी. वार्ताहराने दोघांचा फोटो छापला आणि त्यात काका चक्क हसत होते. कात्रण शंकरने लॅमिनेशनला दिलं होतं. आठ दिवसांनी आणायला गेला तर लॅमिनेशनच्या जागी मोबाइलचं दुकान, आणि नव्या मालकाला जुन्या मालकाचा पत्ता विचारला तर तो म्हणाला, "तो मिळाला तर मलाही सांगा."

"एवढंच ना?" मी म्हणालो. "त्या दैनिकाची आता इंटरनेटवर वेबसाइट आहे. जुनं सगळं असतं तिथे. पाच मिनिटांचं काम."

हे वाक्य मी जरा मोठ्याने बोललो आणि दार उघडं होतं. जिन्यात सोसायटीचा सेक्रेटरी संग्राम आणि तळमजल्यावरच्या फ्लॉसीबाई पाण्याच्या टाकीवरून भांडत होते. दोघंही भांडण अर्धवट टाकून आत आले. काकूंनी फ्रेम पालथी करून पिशवीत घातली आणि म्हणाल्या, "वरसाला अजून सव्वा महिना हाय. तुम्ही देता म्हनता तर मी शंकरला थांबवते." पाच मिनिटांच्या कामाला सव्वा महिन्याची मुदत मिळाल्याने मी मंद हसलो. ते हसू सुहासिनीला अजून आठवतं, आणि ती मलाही आठवण करून देते.

दैनिकाचं नाव मी सांगत नाही. आता त्यांचं माझं बरं चाललं आहे.

त्या काळी इंटरनेट टेलिफोनच्या तारेतून येई आणि येताना घशात काटा अडकल्यासारखा आवाज करी. वेबसाइट उघडायला सात मिनिटं लागली. कोपऱ्यात 'शोधा' अशी चौकट होती. मराठी लिहायला पानावरच कीबोर्डचं चित्र होतं, त्यातलं एकेक अक्षर माउसने टिपायचं. 'जयराम राऊत' टिपता टिपता चहा निवला. शेवटी बटण दाबलं. उत्तर आलं, "एकही निकाल आढळला नाही."

मी खचलो नाही. रेकॉर्ड रूममध्ये पहिल्या फेरीत कधीच काही सापडत नसतं. नुसतं 'जयराम' टाकलं. तीनशे बारा निकाल आले. पुढचे चार दिवस मी ऑफिसातून आल्यावर महाराष्ट्रातले जयराम वाचत होतो. एक जयराम साखर कारखान्याच्या निवडणुकीत पडला होता, एकाने बिबट्याला काठीने हाकललं होतं, एक कबड्डीत गुडघा मोडून बसला होता. केळी वाळवणारा जयराम त्यात नव्हता.

मग 'केळी' टाकलं. चार हजार आठशे निकाल. नव्यापासून जुन्याकडे लावलेले, आणि अकराव्या पानावर 'पुढे' दाबलं की पुन्हा पहिलं पान. म्हणजे दोन महिन्यांपलीकडचं केळं त्या वेबसाइटवर कोणाला दिसायचंच नाही. 'आगाशी' टाकलं तरी तेच. 'सुकेळी' टाकलं तर शून्य. वार्ताहर मुंबईचा होता, त्याने ती 'वाळवलेली केळी' केली असणार, अशी मी समजूत घातली.

संग्राम एका कंपनीत प्रिंटर विकायचा, त्यामुळे संगणकाबद्दल सोसायटीत त्याचा शब्द शेवटचा. त्याने पाठीमागे हात बांधून पडद्याकडे पाहिलं आणि म्हणाला, "काका, कॅशे क्लिअर करा." मी ते केलं. त्यात सुहासिनीने जपून ठेवलेली पाककृतींची पानं तेवढी गेली. जयरामकाका आले नाहीत. "मग सर्व्हरचा प्रॉब्लेम आहे," असं म्हणून तो टाकीकडे गेला. ज्या रोगाला औषध नाही त्याला डॉक्टर 'व्हायरल' म्हणतात, त्यातला हा प्रकार.

फ्लॉसीबाईंचा उपाय सोपा होता. "प्रल्हादभाऊ, हरवलेलं शोधायचं खातं संत अंतोनीचं. मी नोव्हेना धरते, नऊ दिवसांची प्रार्थना. तुम्ही फक्त श्रद्धा ठेवा आणि बटण दाबत राहा." हे ऐकून सुहासिनीला आपल्याकडेही त्याच खात्याचा देव असल्याची आठवण झाली. हरवलेल्या वस्तूसाठी कार्तवीर्यार्जुनाचा श्लोक म्हणतात. तेव्हापासून मी संगणक लावला की स्वयंपाकघरात सुहासिनी "कार्तवीर्यार्जुनो नाम राजा बाहुसहस्रवान्" सुरू करी आणि तळमजल्यावर फ्लॉसीबाई मेणबत्ती लावीत. दोघींच्या मधे मी आणि माझा मोडेम. हजार बाहूंचा राजा आणि संत अंतोनी दोघं कामाला लागूनही चौकटीचं उत्तर बदलेना. "एकही निकाल आढळला नाही."

तारखेने शोधायची सोय होती, म्हणून पुढच्या रविवारी मी काकूंना तारीख विचारली.

"थंडी सरत आलेली," काकू म्हणाल्या. "आमची गाय व्याली ना, त्याच्या आदल्या आठवड्यात."

वेबसाइटवर दिवस, महिना आणि वर्ष असे तीन रकाने होते, गायीचा रकाना नव्हता. मी जानेवारी ते मार्च एकेक तारीख पाहायचं ठरवलं. तेव्हा कळलं की ही वेबसाइट ज्याने बांधली तो अमेरिकन पद्धतीने, महिना आधी धरून, तारीख मोजणारा असावा. मी पाच फेब्रुवारीचा मागितला की ती दोन मेचा अंक द्यायची. बरं, उलटं मागून सुलटं मिळवावं म्हटलं, तर बारा तारखेपर्यंत जमलं. तेरापासून पुढे तिला काहीच कळेना, कारण तेरावा महिना नसतो. तीन महिन्यांच्या पहिल्या बारा-बारा तारखा मी डोळ्यांत तेल घालून पाहिल्या. त्यापुढे सगळा अंधार.

शेवटी अर्ध्या दिवसाची रजा टाकून मी त्या दैनिकाच्या मुंबईच्या कचेरीत गेलो. स्वागतकक्षातल्या बाईंनी विचारलं, "काम छापील अंकाचं की वेबसाइटचं?"

"फोटो छापील अंकातला आहे, सापडत नाही तो वेबसाइटवर."

"मग दोन्हीकडे विचारा," त्या म्हणाल्या, आणि दोन्हीकडच्यांनी मला एकमेकांकडे पाठवलं. वेबसाइटवाला तरुण हेडफोन न काढता म्हणाला, "सर, तुमचा सर्च खूप जनरल आहे. रिफाइन करा." केळी आणखी कशी रिफाइन करणार? उरलं ग्रंथालय. ते बुधवारी दोन ते चार उघडं, आणि नशिबाने तो बुधवार होता. ग्रंथपालांनी वही पाहिली, कपाट पाहिलं, शेवटी माझ्याकडे पाहिलं आणि अत्यंत शांत आवाजात म्हणाले, "जानेवारी ते मार्च दोन हजारचा खंड बांधणीला गेलाय."

बावीस वर्षं मी लोकांना हेच वाक्य ह्याच आवाजात सांगत आलो होतो. समोरच्याला कसं वाटतं ते मला त्या दिवशी प्रथमच कळलं, आणि घरी येईपर्यंत मला वाईट वाटत होतं.

काकांचं वर्षश्राद्ध आता अकरा दिवसांवर आलं होतं. रात्री जेवण झाल्यावर मी खास सरकारी मराठीत त्या वेबसाइटला पत्र लिहिलं. "उपरोक्त विषयान्वये कळविण्यात येते की, कै. जयराम हरी राऊत, राहणार आगाशी, यांचे आपल्या दैनिकात प्रसिद्ध झालेले हसरे छायाचित्र आपल्या संकेतस्थळावर वारंवार शोध घेऊनही आढळून येत नाही. तरी सदर गृहस्थ तात्काळ उपलब्ध करून द्यावेत." पाठवायचा पत्ता कुठे दिसेना. एका पानाखाली 'आपले मत येथे लिहा' अशी चौकट मिळाली, तीत घातलं आणि झोपलो.

तीन दिवसांनी, शनिवारी संध्याकाळी, सवयीने 'जयराम राऊत' टिपलं आणि बटण दाबलं. उत्तर आलं, "एक निकाल आढळला."

मी खुर्चीतून उठलो. सुहासिनीला हाक मारली. ती श्लोक म्हणतच आली. मी म्हणालो, "आता उघडायचं नाही. काकूंच्या समोर उघडू." पंचवीस दिवसांचा अपमान धुऊन काढायला प्रेक्षक हवेत, असा माझा क्षुद्र विचार होता, मी तो लपवत नाही. शंकरच्या शेजाऱ्यांकडे फोन करून निरोप ठेवला. फ्लॉसीबाईंचा त्याच दिवशी दुसऱ्या नोव्हेनाचा नववा दिवस होता, त्यामुळे त्यांना आश्चर्य वाटलं नाही. संग्राम म्हणाला, "बोललो होतो ना, कॅशे."

रविवारी सकाळी आमच्या पुढच्या खोलीत माणसं मावेनात. द्वारकाकाकू नवं लुगडं नेसून आल्या होत्या. त्यांना मी पडद्यासमोरची खुर्ची दिली. शंकर मागे उभा. मी दोन शब्द बोललो, चिकाटीचं महत्त्व वगैरे, आणि त्या एका निकालावर टिचकी मारली.

पान हळूहळू उघडलं. मथळा होता, "थंडीत त्वचेची काळजी कशी घ्याल?" खाली दुधाच्या सायीबद्दल चार परिच्छेद. त्याखाली 'वाचकांची मते'. आणि त्यात, शब्दशः, "उपरोक्त विषयान्वये कळविण्यात येते की, कै. जयराम हरी राऊत, राहणार आगाशी..."

त्याखाली कोण्या दुसऱ्या वाचकाने लिहिलं होतं, "सहमत."

संग्राम खोकला. फ्लॉसीबाई खिडकीतून बाहेर बघू लागल्या. माझे कान इतके तापले की त्यावर पापड भाजले असते. पण खरं वाईट पुढे होतं. काकूंना वाचता येत नव्हतं. त्या पडद्याकडे टक लावून बसल्या होत्या.

"कुठं हायेत?" त्यांनी विचारलं.

शंकर हळूच म्हणाला, "आई, ते भाऊंनीच लिहिलेलं पत्र आहे. त्यात बाबांचं नाव आहे फक्त."

काकूंनी मान हलवली. रागावल्या नाहीत. "जाऊ द्या, भाऊ," त्या म्हणाल्या. "लई केलात तुम्ही. तीच फ्रेम लावू." असं म्हणून त्या पिशवी घेऊन उठायला लागल्या. मला स्वतःची इतकी लाज वाटली की मी खाली बसलो. आणि का कोण जाणे, बावीस वर्षांच्या सवयीने तोंडातून तो प्रश्न निघाला, जो मी पहिल्याच दिवशी विचारायला हवा होता.

"काकू, तो वार्ताहर आला तेव्हा त्याला माहिती कोणी दिली? नावंगावं कोणी सांगितली?"

"मीच. हे वर मांडवावर केळी पालटीत होते."

"मग काकांचं नाव त्याला काय सांगितलंत?"

द्वारकाकाकूंनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी चारचौघांत भलतंच काही विचारलं. "नाव? मी कशी घेनार यांचं नाव?"

मी सरळ होऊन बसलो.

"मग त्याने लिहून काय घेतलं?"

"मी बोलले, केयूरचे आजोबा. त्यानं तेच लिहून घेतलं."

केयूर म्हणजे शंकरचा मुलगा. जवळजवळ महिनाभर मी जयरामकाकांना जयराम या नावाने शोधत होतो, आणि ज्या बाईने त्यांना त्या कागदात ठेवलं होतं तिने ते नाव चाळीस वर्षांत उच्चारलं नव्हतं. पर्जन्यमानाच्या गठ्ठ्यात गळती शोधणारा मी, घरात बसून चहा पिणाऱ्या माणसाचं डोकं विसरलो होतो. मी माउस धरला. क-ला एक मात्रा, य-ला दीर्घ उकार, एकेक टिपत गेलो. 'केयूरचे आजोबा'.

"एक निकाल आढळला."

या वेळी भाषण नाही. टिचकी मारली.

मथळा आला, "उन्हातला मेवा". त्याखाली फोटो वरून खाली, पट्टीपट्टीने उतरू लागला. आधी आभाळ. मग केळीची पानं. मग मांडवाची कड आणि पांढरी टोपी. टोपीखाली कपाळ आलं आणि तिथेच थांबलं. सुहासिनीने टेलिफोनच्या रिसीव्हरवर हात दाबून धरला, कोणी उचलून इंटरनेट तोडू नये म्हणून. तो त्या वेळी कोणीच उचलणार नव्हतं, पण तिला धीर हवा होता. मग डोळे आले, बारीक झालेले. मग मिशी. मग ते हसणं, दोन दात पडलेलं, तोंडभर, कोणाला तरी चिडवणारं. सगळ्यात शेवटी खालच्या कोपऱ्यात काकू उतरल्या, पदर तोंडावर धरलेल्या.

"संत अंतोनी," फ्लॉसीबाई पुटपुटल्या. "कार्तवीर्यार्जुन," सुहासिनी म्हणाली. पण दोघींनी भांडण वाढवलं नाही.

काकू कितीतरी वेळ बघत होत्या. डोळे पुसले आणि एकदम हसल्या.

"त्या वेळचेच हायेत हे," त्या म्हणाल्या. "तो पोरगा दोनदोनदा विचारी, आजी, नाव सांगा ना, नाव सांगा ना. मी लाजले. आनि हे वरनं बघत होते. बोलले, आज बघतोच कशी सांगतेस. आनि हसायला लागले. तेवढ्यात त्यानं फोटो काढला." पदर पुन्हा तोंडाशी गेला. "माझ्यावर हसतायत ते."

अशा वेळी माणसाने काहीतरी तांत्रिक काम करावं, म्हणून मी फोटो संगणकात उतरवून घ्यायला लागलो. चौकट उघडली. फाईलचं नाव काय द्यायचं, असं तिने विचारलं.

"काकू, नाव काय देऊ?" मी सवयीने विचारलं. "त्याशिवाय हा ठेवून घेत नाही."

"काय बी द्या ना. केयूरचे आजोबाच द्या."

मी देऊ शकलो असतो. पण बावीस वर्षांचा रेकॉर्ड कीपर होतो मी. "मग उद्या कोणी शोधले तर सापडायचे नाहीत, काकू," मी म्हणालो.

शंकर जमिनीकडे बघू लागला. पडद्यावर काका हसत होते. काकूंनी डोक्यावरचा पदर नीट केला, पाठ ताठ केली, आणि आधी हळू आणि मग साऱ्या खोलीला ऐकू जाईल असं म्हणाल्या, "जयराम. जयराम हरी राऊत."

मी इंग्रजी अक्षरांत एका बोटाने टिपलं.

"बरोबर लिहिलंत ना?" त्यांनी विचारलं. "वाचून दाखवा."

मी वाचून दाखवलं.

"हां," द्वारकाकाकू म्हणाल्या. "आता ठेवा."